किती उरतं आत

एजिदिओच्या दुकानात तीन ग्राइंडर मांडलेले,
बाहेर बोरा वारा शटरला धडका देतोय,
आणि ओंदीना कोट न काढताच उभी.

मोनफाल्कोनेच्या गोदीसमोर तिचा बार.
पहाटे पाचला वेल्डर येतात, डोळ्यांत अजून झोप,
दोन घोटांत कप रिकामा, नाणं संगमरवरावर, गेले.
एकतीस वर्षं एकच ग्राइंडर.
परवा बियांतून खडा गेला आणि त्याचे दातच पडले.
टाकी लावून भागायचं नाही,
एजिदिओनं फोनवरच सांगितलं होतं.

एजिदिओ बोलतो ते आकड्यांत.
ह्याची पाती सपाट, चौसष्ट मिलिमीटर.
ह्याची शंकूसारखी, सावकाश फिरतात, तापत नाहीत.
तिसऱ्याला टायटॅनियमचा मुलामा,
त्याची किंमत आधी विचारू नका.
मायक्रॉन, फेरे, वॅट.
मी वहीत उतरवून घेते. ओंदीना ऐकतच नाही.
तिनं तळहात ठेवलाय यंत्राच्या कुशीवर,
पोराचा ताप बघावा तसा.

"दळ."
तो दळतो. ती चिमूट उचलून
अंगठ्यानं तर्जनीवर चोळते.
"रवा. पुढचं."
"ह्यात पीठही आहे आणि कणीही.
एका अंथरुणात दोघं, न पटणारी."
एजिदिओ हसतो. म्हणतो, अगं, वास तरी घे.
ती नाक खाली नेते.
छान, म्हणते.

तिला काही येत नाही, हे मला ठाऊक आहे.
त्या तापाला दोन वर्षं झाली.
एकदा मागच्या खोलीत दूध करपून कोळसा झालं
आणि ही शेजारीच उभी, बिलं जुळवत.
तेव्हापासून पिशवी फोडली की आधी मी हुंगते,
मान हलवते,
मग ती ओतते.
गिऱ्हाइकांना पत्ता नाही. सिल्व्हानोलाही नाही,
तो सांगत फिरतो, बायकोचं नाक म्हणजे
गोदीचा भोंगा, कधी चुकत नाही.

मग ती असं काही विचारते
जे माझ्या वहीत नव्हतं.
"किती उरतं आत?"

एजिदिओ काटा पुढे ओढतो. अठरा ग्रॅम बिया मोजतो.
सपाट पात्यांतून येतात सोळा पूर्णांक सहा.
"बाकीचं?"
"नळीत, कोपऱ्यांत. निघेल की उद्या,
उद्याच्या पहिल्या कपात."

मला वाटलं, हेच घेणार ही.
तिच्या बारमध्ये अजून लीरांची दरपाटी लटकते,
वारलेल्या गिऱ्हाइकांचे कप वेगळ्या फळीवर,
आठवड्याला पुसलेले.

शंकूवाल्यातून सतरा पूर्णांक नऊ.
एजिदिओ वरून एक थाप मारतो,
उरलेला दशांशही खाली पडतो.
"हा."
"पण चवीला, ओंदीना, सपाट पातं जरा—"
"शिळं मला आता..."
ती थांबते. वारा थांबत नाही.
"आत काही धरून ठेवणारं नको.
ह्या वयात कोण तपासत बसणार."
एजिदिओ तिच्याकडे बघतो, मग माझ्याकडे,
आणि पावती फाडताना
कधी नव्हे ते एकही आकडा बोलत नाही.

सोमवारी, पाचाला पाच कमी.
पहिला कप. धार उंदराच्या शेपटीएवढी हवी,
आहे त्याहून जाड.
मी नाक पुढे करते: भाजलेला बदाम,
मागे कुठेतरी ओलं लाकूड.
"उत्तम," म्हणते.
तिची नजर घड्याळावर, धारेवर, परत घड्याळावर.
"एकोणीस सेकंद. आंबट असणार.
माझी कीव करू नकोस, याद्रांका.
एक रेघ बारीक घे."

मी चाक फिरवते.
आत पातं पात्याजवळ सरकतं,
केसाच्या जाडीहूनही कमी,
लागत मात्र नाही.

काचेपलीकडे पहिला वेल्डर, हेल्मेट काखेत,
वाऱ्याविरुद्ध दार ढकलतोय.
ती कप मोरीत ओतून देते.
"दळ," म्हणते.